जेम्स कार्व्हिल यांचं बोलणं पुरावा म्हणून कितपत धरावं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. राज्यशास्त्राच्या एम.ए.साठी तुम्ही २०२४ च्या अमेरिकी अध्यक्षीय निवडणुकीवर प्रबंध लिहिताय. डेमोक्रॅटिक पक्ष का हरला या प्रकरणात त्याच पक्षाचे माजी प्रचार-रणनीतिकार जेम्स कार्व्हिल यांचे लेख आणि मुलाखती तुम्ही जागोजागी वापरल्या आहेत, आणि मार्गदर्शकांनी त्यावर शेरा मारलाय की हा टीव्हीवर बोलणारा माणूस आहे, याचं मत म्हणजे पुरावा नव्हे. तुमचं म्हणणं, ज्यानं १९९२ मध्ये बिल क्लिंटन यांना निवडून आणलं त्याला निवडणुकीतलं कळत नाही असं कसं म्हणायचं? त्याच दमात तुम्ही हेही विचारलंय की इतकं कळतं, तर कमला हॅरिस जिंकणारच असं त्यांनी छातीठोकपणे कसं लिहिलं?

मला वाटतं, तुम्ही आणि तुमचे मार्गदर्शक 'हा माणूस भरवशाचा की नाही' यावर अडकला आहात, आणि खरी अडचण तिथं नाहीच. निवडणूक लढवून मग माध्यमात आलेला माणूस एकाच मुलाखतीत तीन वेगळ्या प्रकारची विधानं करतो. एक, प्रचारात काय बोलायला हवं होतं आणि ते कुणाला ऐकू गेलं नाही, याचं निदान. दोन, पुढे काय होणार याचं भाकीत. तीन, स्वतःच्याच पक्षाला दिलेला दम. ऐकताना तिन्हींचा सूर सारखाच लागतो, आत्मविश्वासही तेवढाच. पण वजन अगदी वेगवेगळं असतं. ते वेगळं करता आलं की तुमचं प्रकरण वाचतं.

मी अमेरिकेतल्या प्रचार मोहिमांसाठी बरीच वर्षं सर्वेक्षणाचं आणि संदेश तपासण्याचं काम केलं. पुढे टीव्हीवरच्या चर्चांना जाणाऱ्यांची तयारी करून घेण्याचंही केलं. कार्व्हिल यांच्यासोबत काम करण्याचा प्रसंग आलेला नाही. त्यांच्याबद्दल खाली जे लिहितोय ते सगळं जाहीर नोंदीतलं आहे. पण ज्या दोन कामांतून ते गेले, ती दोन्ही कामं आतून कशी चालतात हे मला ठाऊक आहे आणि उत्तर मी त्याच अंगानं देणार आहे. तुमच्या प्रकरणाचा नेमका दावा काय, यावरही बरंच अवलंबून आहे. त्याकडे शेवटी येतो.

आधी कारकीर्द, कारण तिच्याबद्दल एक गैरसमज पक्का बसलाय. लोकांना कार्व्हिल १९९२ पासून आठवतात. ते जन्मले १९४४ मध्ये, वाढले लुईझियानातल्या कार्व्हिल याच नावाच्या गावात, मरीन दलात राहिले, वकील झाले, आणि प्रचाराच्या धंद्यात उशिरा उतरले. सुरुवातीला ते हरतच होते. १९८२ मध्ये व्हर्जिनियात सिनेटची निवडणूक हरले, १९८४ मध्ये टेक्सासमध्ये लॉइड डॉगेट यांच्यासाठी लढले आणि तिथं दारुण पराभव झाला. पहिला मोठा विजय मिळाला १९८६ मध्ये, पेनसिल्व्हेनियात, बॉब केसी गव्हर्नर झाले तेव्हा. तोवर कार्व्हिल यांनी बेचाळिशी गाठली होती, आणि खुद्द केसीही त्याआधी तीन वेळा त्याच पदासाठी पक्षाची उमेदवारी मिळवायला उभे राहून हरले होते. पुढची सहा वर्षं मात्र विलक्षण गेली. केंटकी, न्यू जर्सी, जॉर्जिया, आणि १९९१ मध्ये पुन्हा पेनसिल्व्हेनिया.

ही १९९१ ची पोटनिवडणूक तुम्ही जरूर वाचा. १९९२ पेक्षा मला ती जास्त शिकवणारी वाटते. सिनेटर जॉन हाइन्झ विमान अपघातात गेले, त्यांच्या जागी गव्हर्नर केसी यांनी हॅरिस वॉफर्ड या फारशा परिचित नसलेल्या माणसाला नेमलं. समोर उभे राहिले डिक थॉर्नबर्ग, राज्याचे माजी गव्हर्नर आणि देशाचे माजी ॲटर्नी जनरल. सुरुवातीच्या सर्वेक्षणांत वॉफर्ड चाळीसहून अधिक टक्क्यांनी मागे होते. त्यांच्या प्रचारानं एक मुद्दा धरला: गुन्हेगाराला वकील मिळण्याचा हक्क आहे, तर कष्टकरी माणसाला डॉक्टर मिळण्याचा हक्क का नसावा? नोव्हेंबरमध्ये वॉफर्ड सुमारे दहा टक्क्यांनी जिंकले. आरोग्यसेवेचा प्रश्न लोकांच्या मनात तोपर्यंत नव्हता असं नाही. तो होता, पण निवडणुकीत मत देण्याचं कारण म्हणून तो कुणी मांडला नव्हता. रणनीतिकाराचं खरं कौशल्य हेच. लोकांच्या मनात आधीच असलेल्या दहा काळज्यांपैकी नेमकी कोणती काळजी आपल्या उमेदवाराकडे आणि प्रतिस्पर्ध्याच्या विरोधात वळवता येईल, हे त्याला दिसतं.

आता १९९२. आखाती युद्ध जिंकल्यावर, १९९१ च्या सुरुवातीला, थोरल्या बुश यांच्या कामावर जवळपास नव्वद टक्के लोक समाधानी होते. कागदोपत्री मंदी मार्च १९९१ मध्येच संपली होती. पण बेरोजगारी वाढतच राहिली आणि जून १९९२ मध्ये ७.८ टक्क्यांवर गेली. क्लिंटन यांच्या लिटल रॉकमधल्या प्रचार कार्यालयाच्या भिंतीवर कार्व्हिल यांनी तीन ओळी लावल्या होत्या: बदल हवा की तेच ते, अर्थव्यवस्था, मूर्खा, आणि आरोग्यसेवा विसरू नका. मधली ओळ जगभर गेली आणि आज ती क्लिंटन यांची घोषणा होती असंच लोक समजतात. ती घोषणा नव्हती. ती मतदारांसाठी लिहिलेलीच नव्हती. ती आतल्या माणसांसाठी होती. उमेदवार स्वतः प्रत्येक विषयावर तासभर बोलू शकणारा, कार्यालयात शेकडो तरुण, रोज नवा आरोप, रोज नवं प्रकरण. अशा गोंगाटात आपल्याच माणसांनी भरकटू नये म्हणून लावलेली ती ताकीद होती.

मी यावर इतका थांबतोय याला कारण आहे. कार्व्हिल यांचं सर्वात गाजलेलं वाक्य हे स्वपक्षीयांना दिलेली सूचना आहे, आणि माध्यमात आल्यावरही त्यांचं बहुतेक महत्त्वाचं बोलणं त्याच जातीचं राहिलंय. फरक इतकाच की आता भिंत सगळ्या जगाला दिसते.

प्रचारात असताना आणि टीव्हीवर असताना याच माणसाच्या बोलण्याच्या दर्जात फरक का पडतो, हे समजायला मोहिमेची आतली घडी कळायला हवी. मोठ्या मोहिमेत शेवटच्या काही आठवड्यांत रोज रात्री ट्रॅकिंग पोल चालतो. रोज ठराविक लोकांना फोन, आणि साधारण तीन रात्रींची सरासरी सकाळी हातात. त्याआधी फोकस ग्रुप होतात: अजून ठरवलेलं नाही असे आठ-दहा मतदार एका टेबलाभोवती, काचेपलीकडे आम्ही. तुम्हाला प्रचंड आवडलेलं वाक्य ऐकून समोरची बाई घड्याळाकडे बघते, तेव्हा त्या वाक्याचा निकाल लागलेला असतो. मग चार-पाच संदेश सर्वेक्षणात टाकून कोणता ऐकल्यावर किती लोक हलतात ते मोजायचं. म्हणजे रणनीतिकाराचा अंदाज चुकला तर ते तीन दिवसांत आकड्यांत दिसतं, आणि समोर बसलेला उमेदवार, ज्याचं सगळं आयुष्य पणाला लागलंय, तो विचारतो की आता काय? या सततच्या तपासणीमुळे त्याचं म्हणणं धारदार राहतं. तो जन्मजात शहाणा असतो म्हणून नव्हे, त्याला रोज दुरुस्त केलं जातं म्हणून.

टीव्हीवर हे सगळं गळून पडतं. उमेदवार नाही, रोजचे आकडे नाहीत, चुकल्याचं बिल कुणी देत नाही. उलट वेगळीच चाळणी लागते. दुपारी वाहिनीवरून फोन येतो, संध्याकाळच्या विषयावर तुम्ही काय म्हणाल असं विचारतात. त्यावर 'ते दोन-तीन गोष्टींवर अवलंबून आहे' असं उत्तर दिलं तर बहुधा दुसऱ्याला बोलावलं जातं. चर्चेला सहा-सात मिनिटं, माणसं चार, निवेदक वेगळा; प्रत्येकाच्या वाट्याला मिनिट-दीड मिनिट येतं. त्यात अटी-शर्ती मांडायला जागाच नसते. मी ज्यांची तयारी करून घ्यायचो त्यांतले सर्वात अभ्यासू लोक पडद्यावर सर्वात फिके पडायचे, आणि याचं मला तेव्हाही फार वाईट वाटायचं. मानसशास्त्रज्ञ फिलिप टेटलॉक यांनी २८४ तज्ज्ञांची राजकीय भाकितं सुमारे दोन दशकं गोळा करून तपासली. माध्यमांत जास्त झळकणाऱ्यांचे अंदाज कमी प्रसिद्ध तज्ज्ञांपेक्षा कमी अचूक निघाले. ज्यांनी आतून हे काम पाहिलंय त्यांना याचं आश्चर्य वाटणार नाही. ठामपणा हीच ज्या कामाची पात्रता आहे, तिथं ठाम माणसंच टिकतात.

कार्व्हिल या चाळणीतून सहज पार पडले. दक्षिणेकडची बोली, उग्र विनोद, आणि लग्न केलं ते १९९२ मध्ये बुश यांच्या प्रचारात वरच्या जागी असलेल्या मेरी मॅटलिन यांच्याशी. विरोधी छावण्यांतलं हे जोडपं माध्यमांना न आवडतं तरच नवल. २००२ पासून ते सीएनएनच्या 'क्रॉसफायर' या कार्यक्रमात डावी बाजू लढवू लागले. सोबतीला पॉल बेगाला, समोर टकर कार्लसन आणि रॉबर्ट नोव्हाक. १९८२ पासून चालत आलेला हा कार्यक्रम २००५ च्या सुरुवातीला बंद करण्याचा निर्णय झाला, पण दोन बाजूंचे दोन मल्ल हा साचा सगळ्या वाहिन्यांनी उचलला. पुढे कार्व्हिल सीएनएनमधून बाहेर पडले, २०१४ मध्ये चक्क फॉक्स न्यूजवर गेले, विद्यापीठात शिकवलं, आणि आता पॉडकास्ट आणि वृत्तपत्रातले लेख हे त्यांचं मुख्य व्यासपीठ आहे.

या काळातल्या त्यांच्या भाकितांची यादी काढली तर तुमचे मार्गदर्शक बरोबर ठरतात. २००९ मध्ये त्यांनी पुस्तक लिहून मांडलं की डेमोक्रॅट आणखी चाळीस वर्षं राज्य करतील. दुसऱ्याच वर्षी पक्षानं प्रतिनिधिगृहातल्या ६३ जागा गमावल्या. २०२० च्या उमेदवारीसाठी त्यांनी कोलोराडोचे सिनेटर मायकेल बेनेट यांच्या पाठीशी उभं राहायचं ठरवलं. न्यू हॅम्पशायरमधल्या पक्षांतर्गत प्राथमिक निवडणुकीत बेनेट यांना अर्धा टक्काही मतं मिळाली नाहीत आणि त्याच रात्री ते बाहेर पडले. आणि २३ ऑक्टोबर २०२४ चा तो लेख, 'न्यूयॉर्क टाइम्स'मधला, हॅरिस जिंकणार याची आपल्याला खात्री का आहे याची तीन कारणं देणारा. ट्रम्प आणि त्यांचा पक्ष सतत हरत आलाय. पैसा हॅरिस यांच्याकडे जास्त आहे. आणि तिसरं कारण म्हणजे निव्वळ आतून तसं वाटतंय. प्रत्यक्षात ट्रम्प इलेक्टोरल कॉलेजमध्ये, म्हणजे अध्यक्ष निवडणाऱ्या राज्यवार प्रतिनिधींच्या मतांत, ३१२ विरुद्ध २२६ असे जिंकले आणि सातही निर्णायक राज्यं त्यांच्याकडे गेली.

त्या तीन कारणांकडे परत बघा. एकही मतदाराच्या खिशाबद्दल नाही. ज्या माणसानं ती ओळ भिंतीवर लावली, त्याच्या लेखात अर्थव्यवस्था नव्हती! आणि २०२४ ची परिस्थिती १९९२ शी आश्चर्यकारकरीत्या जुळणारी होती. १९९२ मध्ये मंदी संपल्याचं तज्ज्ञ सांगत होते आणि लोकांना ती जाणवत होती. २०२४ मध्ये महागाईचा दर जून २०२२ मधल्या ९.१ टक्क्यांवरून अडीच टक्क्यांच्या आसपास उतरला होता, पण दर उतरला म्हणजे वाढलेल्या किमती खाली आल्या असं होत नाही, आणि दुकानात उभ्या असलेल्या माणसाला किंमत दिसते, दर दिसत नाही. मोहिमेत असते तर कार्व्हिल यांना हे पहिल्याच फोकस ग्रुपमध्ये ऐकू आलं असतं. मग लेखात का नाही? माझं वाचन असं की तो लेख निवडणुकीचं विश्लेषण नव्हताच. शेवटच्या दोन आठवड्यांत धास्तावलेल्या स्वपक्षीय कार्यकर्त्यांना धीर देणारं ते पत्र होतं. भाकिताच्या रूपात दिलेली सूचना: रडत बसू नका, कामाला लागा. जानेवारी २०२५ च्या सुरुवातीला त्यांनी त्याच वृत्तपत्रात आपण चुकलो हे उघड लिहिलं आणि कारण दिलं अर्थव्यवस्था. हा दुसरा लेख तुमच्या कामाचा आहे, पहिला नाही. किंवा पहिलाही आहे, पण वेगळ्या कामासाठी.

इथं आपण मूळ मुद्द्यावर येतो. अशा भाष्यकाराचं कुठलंही विधान हाती आलं की मी आधी विचारतो, हे कुणाला उद्देशून आहे? प्रेक्षकाला की पक्षाला? नोव्हेंबर २०२३ च्या सुरुवातीचं डेव्हिड ॲक्सेलरॉड यांचं उदाहरण घ्या. ते ओबामांच्या २००८ च्या विजयाचे मुख्य रणनीतिकार, त्याआधी 'शिकागो ट्रिब्यून'चे वार्ताहर. सहापैकी पाच निर्णायक राज्यांत बायडेन मागे असल्याचं सर्वेक्षण आलं आणि ॲक्सेलरॉड यांनी जाहीरपणे सुचवलं की उभं राहणं शहाणपणाचं आहे का याचा बायडेन यांनी विचार करावा. हे निवेदन टीव्हीच्या प्रेक्षकांसाठी नव्हतं. ते व्हाइट हाउसमधल्या मोजक्या माणसांसाठी होतं. पण माझ्या अनुभवात, आत फोन लागत असेल तर कुणी असं जाहीर बोलत नाही. जाहीर बोलणं याचा अर्थ बहुधा हाच की आतलं दार बंद झालंय. म्हणून माजी रणनीतिकार स्वपक्षावर तुटून पडतो तेव्हा त्यातून दोन गोष्टी कळतात: त्याचं निदान, आणि पक्षात त्याचं ऐकलं जात नाही ही वस्तुस्थिती. दुसरी गोष्ट संशोधकासाठी अनेकदा जास्त मोलाची असते.

कार्व्हिल यांचा घरचा आहेर तर फार जुना आहे. २००६ मध्ये पक्षानं संसद जिंकली तरी त्यांनी पक्षाध्यक्ष हॉवर्ड डीन यांना हटवा म्हणून गदारोळ केला. २००८ मध्ये न्यू मेक्सिकोचे गव्हर्नर बिल रिचर्डसन यांनी हिलरी क्लिंटन यांना सोडून ओबामांना पाठिंबा दिला तर त्यांना थेट ज्यूडस, म्हणजे येशूचा विश्वासघात करणारा शिष्य, म्हणाले. २०१० मध्ये मेक्सिकोच्या आखातात तेल सांडलं तेव्हा, तोवर ते न्यू ऑर्लिन्सला राहायला गेले होते, ओबामांच्या संथपणावर त्यांनी टीव्हीवर तळमळून टीका केली. २०२० मध्ये उमेदवारीच्या शर्यतीत पुढे असलेल्या बर्नी सँडर्स यांना त्यांनी इतका विरोध केला की सँडर्स यांनी त्यांना राजकारणातला भाडोत्री असं संबोधलं. २०२१ मध्ये त्यांनी पक्षाची भाषा विद्यापीठातल्या प्राध्यापकांसारखी झालीय, सामान्य माणूस तसं बोलत नाही, असं सांगितलं.

या शेवटच्या मुद्द्यात मला खरं निदान दिसतं, कारण ते फोकस ग्रुपमध्ये तपासता येतं आणि मी स्वतः तपासलेलं आहे: पक्षकार्यकर्त्यांचे लाडके शब्द मतदारांच्या तोंडी येत नाहीत. पण मार्च २०२४ मध्ये तोच मुद्दा मांडताना ते पक्षात उपदेश करणाऱ्या बायका फार झाल्या अशा अर्थाचं बोलले. पुढचे काही दिवस चर्चा झाली ती त्या वाक्याची. निदान बाजूला पडलं आणि ज्या स्त्रिया पक्षाचा कणा आहेत त्या दुखावल्या. मोहिमेत अशी ओळ कुणी तपासल्याशिवाय बाहेर जाऊ दिली नसती. स्पष्टवक्तेपणाची ही किंमत मला खटकते, कारण वाया जातो तो चांगला मुद्दा.

८ जुलै २०२४ चा लेखही वाचा. बायडेन जिंकणार नाहीत, पक्षानं त्यांना बाजूला सारून नवा उमेदवार निवडण्याची खुली प्रक्रिया करावी, त्यासाठी नागरिकांसमोर सभा घ्याव्यात असं त्यांनी मांडलं. २१ जुलैला बायडेन बाहेर पडले, पण खुली प्रक्रिया झाली नाही. निदान खरं ठरलं, उपाय आजमावलाच गेला नाही. त्यामुळे 'कार्व्हिल यांचं ऐकलं असतं तर डेमोक्रॅट जिंकले असते' असं वाक्य तुमच्या प्रबंधात असेल तर ते काढा. ते सिद्ध करता येत नाही.

एक प्रश्न अजून राहतो, आणि तो तुम्ही विचारलेला नाही पण विचारायला हवा: या माणसाचा आज गिऱ्हाईक कोण? कार्व्हिल यांच्या बाबतीत तो तुलनेनं सोपा आहे, १९९२ नंतर देशातल्या मोहिमा त्यांनी फारशा चालवल्या नाहीत. इतरांच्या बाबतीत तो भयंकर गुंतागुंतीचा होतो. धाकट्या बुश यांचे रणनीतिकार कार्ल रोव्ह २००७ मध्ये व्हाइट हाउसमधून बाहेर पडले, २००८ मध्ये फॉक्स न्यूजवर भाष्यकार झाले, आणि २०१० मध्ये रिपब्लिकनांसाठी निधी जमवणाऱ्या एका बड्या गटाच्या स्थापनेत सहभागी झाले. नोव्हेंबर २०१२ च्या मतमोजणीच्या रात्री त्यांच्याच वाहिनीनं ओहायो राज्य ओबामांनी जिंकल्याचं जाहीर केलं तेव्हा थेट प्रक्षेपणात त्यांनी त्याला हरकत घेतली. निवेदिका मेगन केली यांना उठून निकाल ठरवणाऱ्या कक्षापर्यंत चालत जाऊन खात्री करावी लागली. ओहायो ओबामांचंच होतं. ज्या निवडणुकीत आपल्याच देणगीदारांचे कोट्यवधी डॉलर लागलेत, तिच्या निकालावर तटस्थ भाष्य करायचं, हे माणसाकडून मागणंच अवघड आहे. त्याच निवडणुकीत डिक मॉरिस, जे एके काळी क्लिंटन यांचे सल्लागार होते, रिपब्लिकन उमेदवार मिट रॉम्नी यांना ३२५ इलेक्टोरल मतं देऊन बसले होते. मिळाली २०६, आणि पुढल्या फेब्रुवारीत फॉक्सनं त्यांचा करार वाढवला नाही.

२०१६ तर याबाबतीत धडाच आहे. कोरी लेवांडोव्स्की यांना ट्रम्प यांच्या मोहिमेतून जूनमध्ये काढलं आणि त्याच आठवड्यात सीएनएननं त्यांना घेतलं. मोहिमेकडून त्यांना पैसे मिळणं त्यानंतरही चालू होतं. त्याच वाहिनीवरच्या डोना ब्राझील, ज्यांनी २००० मध्ये अल गोर यांची मोहीम चालवली होती, त्यांनी कार्यक्रमातले प्रश्न हिलरी क्लिंटन यांच्या लोकांना आधी कळवल्याचं फुटलेल्या ईमेलमधून बाहेर आलं आणि वाहिनीनं संबंध तोडले. दोघांचं पडद्यावरचं बोलणं त्या वेळी स्वतंत्र मत म्हणून ऐकलं जात होतं. म्हणून कुठल्याही भाष्यकाराचं विधान वापरताना त्या तारखेला त्याचे पैशाचे आणि पदाचे संबंध काय होते हे तळटीपेत लिहा. बहुतेक वेळा ते सार्वजनिक नोंदींत मिळतं.

निवडणूक जिंकून देणं आणि तो देश समजणं, यातही अंतर आहे. २००२ मध्ये कार्व्हिल यांच्या भागीदारीतल्या सल्लागार संस्थेनं बोलिव्हियात गोन्सालो सांचेस दे लोसादा यांचा प्रचार सांभाळला. ते सुमारे साडेबावीस टक्के मतांवर पहिले आले आणि अध्यक्ष झाले. ऑक्टोबर २००३ मध्ये रस्त्यावरच्या आंदोलनांत अनेकांचे जीव गेल्यावर त्यांना राजीनामा देऊन देश सोडावा लागला. प्रचाराचं तंत्र तिथं चाललं. लोकांचा राग त्या तंत्राच्या हिशेबात नव्हता.

आता तुमच्या प्रकरणाकडे. तुमचा दावा 'डेमोक्रॅट अर्थव्यवस्थेमुळे हरले' असा असेल, तर त्याचा पुरावा मतदानोत्तर सर्वेक्षणं, किमतींचे आणि वेतनाचे आकडे, आणि प्रांतवार निकाल हाच असला पाहिजे. कार्व्हिल तिथं फार तर गृहीतक सुचवणारे म्हणून येतील: 'माजी रणनीतिकार कार्व्हिल यांनी जानेवारी २०२५ मध्ये असं कारण मांडलं, ते आकड्यांवर तपासून पाहू.' हे वाक्य कुठलाही मार्गदर्शक खोडणार नाही. दावा 'पक्षांतर्गत मतभेद प्रचारात कसे उघड झाले' असा असेल, तर मात्र कार्व्हिल आणि ॲक्सेलरॉड हेच तुमचे प्राथमिक साधन आहेत, आणि त्यांचे लेख तारखेनुसार लावून वाचायला हवेत. त्या यादीत ऑक्टोबर २०२४ चा चुकलेला लेखही ठेवा, कारण शेवटच्या दोन आठवड्यांत पक्षाच्या आत कोणता सूर लावला जात होता याचा तो चांगला नमुना आहे. फेब्रुवारी २०२५ मध्ये त्यांनी पक्षाला मेल्याचं सोंग घेऊन पडून राहा, सरकार आपल्याच ओझ्यानं कोसळेल, असा सल्ला दिला. तो तुमच्या कालखंडाबाहेरचा आहे, त्यामुळे फक्त उपसंहारात घ्या.

मुलाखतींपेक्षा त्यांचे स्वतः लिहिलेले लेख आधी वापरा. लेखात माणूस कारणं देतो, मुलाखतीत निवेदकाच्या प्रश्नावर उसळतो. आणि १९९१ च्या पेनसिल्व्हेनियाचा एखादा परिच्छेद प्रकरणाच्या सुरुवातीला घालता आला तर बघा. कार्व्हिल यांना नेमकं काय कळतं हे मार्गदर्शकांना पटवायला तो पुरेसा आहे. मसुदा झाला की ज्या वाक्यांबद्दल शंका वाटेल ती पाठवा, एकेक करून बघू.